कॉटर सॉलिड, एक नग

आमच्याकडं कॉटर म्हंजे घर. रेल्वेत चिकटलेल्या माणसाला सरकार देतं ते. दोन खोल्या, पुढं पडवी, मागं नळ. सोलापूरकडं कुणाचा पोरगा रेल्वेत लागला की बायका पहिल्यांदा हेच विचारतात, "कॉटर हाय का?" पगाराचं मागनं विचारतात. शिकलेली माणसं क्वार्टर म्हणतात, ओठांचा चंबू करून. मला तो चंबू कधी जमला नाही. जमला असता तर पुढचं सगळं टळलं असतं असं आमच्या कारखान्यातले रायर म्हणायचे. पण रायर शिकलेले. शिकलेल्या माणसाला वाटतं, तोंड नीट उघडलं की सगळं नीट होतं.

मी मद्रासला रेल्वेच्या इंजिनाच्या कारखान्यात खलाशी होतो. खलाशी म्हटल्यावर आमच्या गल्लीत सगळ्यांना वाटायचं मी बोटीवर आहे. मद्रासला समुद्र आहे, त्यामुळं मीही ते खोडून काढलं नाही. दिवाळीला घरी गेलो की वादळाच्या दोन गोष्टी सांगायचो. खरं काम म्हंजे मेस्त्री म्हणंल ते उचलायचं आणि म्हणंल तिथं ठेवायचं. तो तमिळमधनं सांगायचा, त्यामुळं मी बहुतेक वेळा भलतं उचलायचो आणि भलतीकडं ठेवायचो. तरी मला काढलं नाही. दणकट होतो, आणि शिव्या दिल्या तरी कळत नसल्यानं हसायचो. असा माणूस कुठल्याही मेस्त्रीला हवाच असतो.

शाळेत मी गेलो होतो. दुसऱ्या वर्षी मास्तरांनी माझा नाद सोडला आणि मी मास्तरांचा. मराठी वाचता यायचं, पण जोडाक्षर आलं की त्याला वळसा घालून पुढं जायचो. तमिळ म्हंजे माझ्या लेखी जिलब्या आणि इंग्रजी म्हंजे मुंग्या.

लग्न होऊन दोन वर्षं झाली होती आणि बायको माहेरीच होती. मी राहायचो तिरुवल्लिकेणीत, एका मॅन्शनमध्ये. नाव मोठं, आत एका खोलीत पाच जण. बाईमाणसाला जिनासुद्धा चढू द्यायचे नाहीत, मालकाची सख्खी आई आली तरी खालीच बसायची. सासरे सोलापूरच्या गिरणीत फिटर. बोलणं मोजकं. लग्नातच त्यांनी सांगितलं होतं, "जावईबापू, डोक्यावर छप्पर दाखवा, लेक पाठवतो. तंबूत पाठवायला ती सर्कशीतली न्हाई." पहिलं वर्ष गेलं, दुसरं गेलं. दुसऱ्या दिवाळीला गेलो तेव्हा त्यांनी फराळाचं ताट माझ्यापुढं सरकवलं आणि म्हणाले, "संक्रांतीपत्तूर कॉटर मिळालं तर बरं. न्हाई तर बोटीवरची नोकरी सोडा अन् हिकडं या. गिरणीत लावतो. माझ्याच हाताखाली."

मी उचललेली करंजी परत ताटात ठेवली. सासऱ्याच्या घरात राहायचं आणि सासऱ्याच्याच हाताखाली काम करायचं, म्हंजे चोवीस तास सासरा. बायको तेव्हा उंबऱ्यात उभी होती.  मी निघालो तेव्हा फडक्यात चार लाडू बांधून देताना हळूच म्हणाली, "तेवढं कॉटरचं बगा." लग्नापास्नं ती माझ्याशी बोललेली सगळी वाक्यं मला पाठ होती, फार नव्हतीच. त्यात हे सगळ्यात लांब.

मी काही हातावर हात ठेवून बसलो नव्हतो. पगार झाला की दुसऱ्या दिवशी टाइम ऑफिसच्या खिडकीशी जायचो आणि विचारायचो, "सार, कॉटर?" आतला बाबू मान वर न करता म्हणायचा, "पाक्कलाम." म्हंजे बघू. मला वाटायचं, बघतोय म्हणतोय म्हंजे बघत असंल. परत येताना छाती जरा पुढं काढून चालायचो.

दिवाळीहून आलो तर मला नव्या जागी टाकलेलं. पिस्टनच्या जोडकामाला. नवा मेस्त्री बुटका, कपाळावर विभूती, तोंडात कायम सुपारी. त्याला एकच दुःख होतं, की मी कुठलीही वस्तू आपणहून मागत नाही. हात खाली सोडून उभा राहतो. एक दिवस जेवणाच्या सुट्टीत मी आपला भिंतीला टेकून एका तेलुगू गड्याला माझं रडगाणं सांगत होतो. मला तेलुगू येत नव्हतं, त्याला मराठी येत नव्हतं, त्यामुळं दोघांचं छान जमायचं. मी सारखं म्हणत होतो, कॉटर नाही, कॉटर नाही, कॉटर मिळंना. मेस्त्री मागनं चालला होता. तो थबकला. त्याचा चेहरा असा काही उजळला की मला वाटलं माझ्या मागं देव उभा आहे. म्हणाला, "कॉटर वेणुमा?" कॉटर पाहिजे?

मी म्हणालो, "आमा." हो.

"परवाइल्लै," म्हणाला तो. चांगलं आहे, असं. आणि माझ्या खांद्यावर हात ठेवून त्यानं लांबच्या शेडकडं बोट केलं. "स्टोर. पो." जा.

दोन वर्षं मी चुकीच्या खिडकीशी जात होतो असं मला तेव्हा वाटलं. रेल्वेत घरं स्टोरमधनं देतात हे मला कुणी सांगितलंच नव्हतं. पण विचार केला, रेल्वेत सगळंच स्टोरमधनं मिळतं. साबण, चिंध्या, गमबूट. मग घर का नाही?

स्टोरच्या खिडकीत एक जाड चष्म्याचा बाबू बसला होता. मी म्हणालो, "सार, कॉटर."

तो म्हणाला, "एत्तनै?" किती?

मला हसू आलं. म्हटलं, "ओन्नु." एक.

"ओन्नु पोदुमा?" एक पुरंल?

काय दिलदार माणूस, मी म्हटलं. टाइम ऑफिसचा बाबू दोन वर्षं एक देईना आणि हा विचारतोय एक पुरंल का. मी दोन बोटं दाखवून त्याला समजावलं की आम्ही दोघंच आहोत, मी आणि बायको. त्यानं दोन बोटं बघून दोन लिहिलं. मी घाईघाईनं म्हटलं, नाही नाही, एक, दोघांत एक. त्यानं दोन खोडून एक केलं आणि चष्म्यावरनं माझ्याकडं बघितलं.

"स्प्लिट्टा, सॉलिडा?"

हे दोन्ही शब्द मी कारखान्यात ऐकले होते. स्प्लिट म्हंजे फाटलेलं, चिरलेलं. सॉलिड म्हंजे पक्कं. मी मनात म्हटलं, चिरलेलं घर कोण घेईल? भिंतीला भेग, त्यातनं विंचू. "सॉलिड," मी ठासून सांगितलं. "सॉलिड, सार."

त्यानं एका चिठ्ठीवर लिहिलं, माझा हजेरीचा तिकीट नंबर टाकला, शिक्का मारला आणि सांगितलं, "तिंगळ." सोमवार. आज मंगळवार. पुढच्या सोमवारी घर.

चिठ्ठी मी डब्यात ठेवली, डबा पिशवीत ठेवला आणि पिशवी पोटाशी धरून मॅन्शनला आलो. आमच्या खोलीत पोस्टातला एक तमिळ कारकून राहायचा, मॅट्रिक झालेला. त्याला म्हटलं, वाच. त्यानं दिव्याखाली धरून वाचलं, "कॉटर. सॉलिड. नंबर वन. मंडे." मग जरा विचार करून म्हणाला, "स्पेलिंग तप्पु." स्पेलिंग चुकलंय. त्याच्या मते क्वार्टर असं लिहिताना स्टोरवाल्यांनी दोन-तीन अक्षरं खाल्ली होती. "बट गव्हर्नमेंट पेपर," म्हणाला आणि माझा हात हातात घेऊन हलवला. आता मला सांगा, मॅट्रिक झालेला माणूस असं म्हणतो, तर दुसरीतनं पळालेल्यानं काय करायचं?

मी त्याच बैठकीला पोस्टकार्ड लिहिलं. "मामांस नमस्कार. कॉटर मिळाला. सॉलिड आहे. सोमवारी हाती येतो. एक नंबर." एक नंबर हे मी मुद्दाम लिहिलं. त्यांना कळू दे, जावयाला पहिल्या नंबरचं घर दिलंय.

शनिवारी तार आली. मंगळवारी सकाळच्या मेलनं दोघं येतायत. मॅट्रिकवाल्यानंच वाचून दाखवली. मी सगळ्या खोलीला काफी पाजली.

सोमवारी जेवणाच्या सुट्टीत स्टोरला गेलो. बाबूनं चिठ्ठीवर माझा अंगठा घेतला, मला सही येत होती तरी. आत जाऊन आला आणि तेलकट कागदात गुंडाळलेली एक वस्तू माझ्यापुढं ठेवली. मी कागद सोडला. लोखंडाची चपटी पट्टी, वीतभर लांब, दोन बोटं रुंद, एका बाजूनं निमुळती होत गेलेली. जड.

मी तिच्याकडं बघत राहिलो. मग डोक्यात उजेड पडला. पडला तो चुकीचा, पण पडला. म्हटलं, "सावि?" तमिळमध्ये चावीला सावि म्हणतात.

बाबूनं क्षणभर विचार केला. "आमा, सावि मादिरि दान," म्हणाला. हो, चावीसारखीच म्हण.

म्हंजे चावीच. आता चावीला दात नव्हते, हे मला दिसत होतं. पण इंग्रजांनी बांधलेली घरं, त्यांची कुलपं कशी असतील मला काय ठाऊक? मी विचारलं, "पूट्टु?" कुलूप कुठंय? तो हातानं दाखवत म्हणाला की दांड्याला भोक असतं, त्यात घालायची आणि हातोडीनं ठोकायची. हातोडीनं ठोकून दार उघडायचं हे मला जरा जास्त वाटलं. पण घर बरेच दिवस बंद असंल, गंजलं असंल. शेवटी तो म्हणाला, मेस्त्रीला दे. मी समजलो, मेस्त्री घर दाखवणार. पण मेस्त्री त्या दिवशी दुपारनंतर रजेवर. आणि उद्या सकाळी माणसं येणार, घर झाडायला नको? मी चावी डब्यात घातली. बसंना, म्हणून आमटीचा पेला काढून फेकला. सुटीचा भोंगा झाला तसा कॉलनीकडं निघालो. घराचा नंबर एक, हे ठाऊक होतंच.

फाटकावर वॉचमन रोज डबे उघडून बघायचा. माझा कधी बघत नसायचा, त्या दिवशी बघितला. डबा वाजला असंल.

"ये क्या है?"

"घर का चावी."

"किसका घर?"

"मेरा. सरकार दिया. कागद है."

त्यानं पट्टी हातात घेतली, वजन बघितलं. "ये चावी है तो ताला कितना बडा है?"

"अभी देखा नहीं," मी खरं ते सांगितलं.

माझ्या मागं रांग थांबली. कारखान्याचं लोखंड फाटकाबाहेर न्यायचं म्हंजे चोरी, नोकरी जाते, हे मला माहीत होतं. पण चोरी लोखंडाची, चावीची कशी होईल? मी तसं तिन्ही भाषांत सांगत होतो आणि जो तो ऐकून हसत होता. वॉचमन हसत नव्हता. त्यानं वही काढली होती.

तेवढ्यात रायर आले. रायर आमच्या ड्रॉइंग ऑफिसात नकाशे उतरवायचे. तंजावरकडचे मराठी. त्यांचे पूर्वज कधीकाळी राजाबरोबर तिकडं गेले आणि मराठी जशी नेली तशीच जपून ठेवली, वापरून झिजू दिली नाही. ते बोलायला लागले की मला वाटायचं कुणी पोथी सोडलीय. मधीच तमिळ आलं की वाटायचं पोथीवर जिलब्या सांडल्यात. तरी कारखान्यात माझं बोलणं थोडंफार कळणारा हा एकच माणूस. त्यांनी छत्री मिटवली.

"अहो, हें काय मांडिलें आहे?"

मी सांगितलं. पहिल्यापास्नं. कॉटर, सॉलिड, एक नग, सोमवार, चावी. रायर ऐकत होते. त्यांनी पट्टी वॉचमनकडून घेतली, तिच्याकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं. हसले नाहीत, ते मला जास्त लागलं.

"क्वार्टर निराळा, कॉटर निराळा," ते म्हणाले. "एक राहावयाचा, एक ठोकावयाचा."

मग त्यांनी खिशातली वही काढून पेन्सिलीनं चित्र काढलं. दोन दांडे, एकाचं टोक दुसऱ्याच्या पोटात. दोघांना आरपार एक फट. त्या फटीत ही पट्टी घालून ठोकायची, म्हंजे दांडे एकमेकांना धरून राहतात. काढायची झाली तर उलट्या बाजूनं ठोकायची. चित्र फार सुरेख होतं. मी म्हटलं, "ही तर पाचर." आमच्याकडं कुऱ्हाडीच्या दांड्यात मारतात ती.

"आमा. पाचरच."

"मग पाचर का नाही म्हणत?"

रायर म्हणाले, "साहेबास पाचर ठाऊक नाही."

"आणि स्प्लिट म्हंजे?"

"ती निराळी. तारेची असते, मध्यें दुमडलेली. भोकांतून घालून तिचे पाय फाकवावयाचे. तिजलाही कॉटर म्हणतात."

म्हंजे घर एक कॉटर, पाचर एक कॉटर आणि पाय फाकवून बसते ती तिसरी कॉटर. मी बोटं मोजत उभा राहिलो. मला रडू येत होतं की हसू, हे पण कळंना. रायरांनी विचारलं, "तुमचा अर्ज केव्हांचा?"

"दोन वर्षांचा."

"कागद कोठें आहे?"

"कागद नाही. तोंडी."

रायरांनी छत्री उघडली. ऊन नव्हतं, पाऊस नव्हता. मग मिटवली. वॉचमनला त्यांनी तमिळमधनं बरंच समजावलं. त्यातला "पैत्तियम" हा शब्द मला कळला, म्हंजे वेडा. वॉचमननं वही मिटवली आणि पट्टी ठेवून घेतली. मी म्हणालो, "उद्या सकाळी मेलनं सासरे येतायत. बायकोला घेऊन. घर मिळालं म्हणून."

रायरांनी वही खिशात घातली. मग म्हणाले, "मी येतो ठेसनावर. तुम्ही एकले गेलात तर आणीक कांही समजून घ्याल."

मंगळवारी सेंट्रलला मेल लागली. मी आधी ट्रंक ओळखली, मग सासरे, मग बायको. लग्न होऊन दोन वर्षं झाली तरी तिला मी मोजून सतरा दिवस बघितलं होतं. तिनं नवं लुगडं नेसलं होतं आणि दोन्ही हातांनी पाटा पोटाशी धरला होता. वरवंटा सासऱ्यांच्या पिशवीत. स्टोव्ह, वळकटी, परात, पोळपाट, सगळं उतरलं. हमालानं पाट्याला हात लावून बघितला आणि लांब जाऊन उभा राहिला.

सासऱ्यांनी घाम पुसला. "हं. कॉटर किती लांब?"

रात्रभर मी काय बोलायचं ते पाठ केलं होतं. पण माझ्या तोंडातनं निघालं, "वीतभर."

"आं?"

मग मी सगळं सांगितलं. पाट्यावर नजर ठेवून सांगितलं, कारण दुसरीकडं कुठं बघायची सोय नव्हती. फलाटावर माणसं जात-येत होती. सासऱ्यांनी मधीच अडवलं.

"सॉलिड का स्प्लिट?"

"सॉलिड."

"पिस्टनचा?"

"होय मामा."

"अन् ते तुमाला घराची किल्ली वाटली."

"होय मामा."

चाळीस वर्षं त्यांनी गिरणीत असले कॉटर ठोकले होते. त्यांना मी आणखी काय सांगणार? त्यांनी टोपी काढली, आत बघितली आणि परत घातली. म्हणाले, "कॉटर मिळाला, असं लिवलंवतं तुमी. मिळाला. मला तवाच खटकलं. घराचं कॉटर मिळतंय, पिस्टनचा कॉटर मिळतोय." जरा थांबून म्हणाले, "जावईबापू, पाचर मारलीत."

मी म्हणालो, "नाही मामा, मारली नाही. फाटकावर काढून घेतली."

रायर खोकले. सासऱ्यांनी हमालाला हाक मारली आणि विचारलं, "बंबईका गाडी शाम को किधर से जाता?" मग लेकीला म्हणाले, "चल. हितंच बसू संध्याकाळपत्तूर. जावईबापू, तुमी पण सामान बांधून या. गिरणीत जागा हाय."

तेव्हा बायको बोलली. पाटा खाली ठेवला, त्यावर बसली आणि म्हणाली, "म्या न्हाई येत."

"म्हंजे?"

"आण्णा, सगळ्या गल्लीनं माझी ओटी भरलीया. तेरा नारळ आले. कोपऱ्यावरची म्हातारी रडली. आता उंद्या सकाळी परत जाऊन काय सांगू? पाचर निघाली म्हणून?"

"मग काय फलाटावर ऱ्हातीस?"

"ऱ्हाईन."

माझ्यावरच्या मायेपायी ती थांबली असं मला पुढं बरीच वर्षं सांगता आलं असतं. पण मी तिथंच उभा होतो, माझ्याकडं तिनं एकदाही बघितलं नव्हतं. तेरा नारळांपायी थांबली.

रायर पुढं झाले आणि सासऱ्यांना हात जोडून म्हणाले, "आपण कोपूं नये. वेस्ट मांबलमास आमचें घर आहे. माझी माता आहे, भार्या आहे. लेकरूं आमचेपाशीं राहूं दे. क्वार्टर मिळेपर्यंत."

सासरे माझ्या कानाशी येऊन पुटपुटले, "हे कुठले सरदार?"

"नकाशे काढतात," मी म्हटलं.

लोकल गाडीनं आम्ही मांबलमला उतरलो. पाटा मी डोक्यावर घेतला, हमाल शेवटपर्यंत तयार झाला नाही. रायरांचं घर म्हंजे बोळातलं, दोन खोल्या आणि मागं न्हाणी. सासऱ्यांनी भिंतीवर बोटानं वाजवून बघितलं. नळ सोडला, बंद केला. वर कौलं बघितली. रायरांची आई बाहेर आली, बायकोच्या तोंडावरनं हात फिरवला आणि म्हणाली, "बैस गे. दमलीस." बायको बसली आणि रडायला लागली, मघापास्नं पहिल्यांदा.

सासरे म्हणाले, "बरं. छप्पर हाय. ऱ्हाऊ द्या."

मला एकदम हलकं वाटलं. मी वळकटी आत न्यायला लागलो. रायरांनी मला बाजूला घेतलं. बिचाऱ्यांना सांगताना फार अवघड झालं. घरात आधीच सहा माणसं, बायका आतल्या खोलीत, पुरुष बाहेरच्या, आणि बाहेरच्या खोलीत रायर झोपले की त्यांचे पाय दाराबाहेर जायचे. माझी वळकटी बसत नव्हती. मी सासऱ्यांकडं बघितलं.

ते म्हणाले, "आपलं काय ठरलंवतं? लेकीला छप्पर. तुमच्या छपराचं म्या कवा बोललोवतो?"

ते संध्याकाळच्या गाडीनं गेले. मी तिरुवल्लिकेणीला आलो. खोलीतल्या चौघांनी विचारलं, घर कसं आहे? मी म्हटलं, सॉलिड आहे. मॅट्रिकवाल्यानं पुन्हा हात हलवला.

दुसऱ्या दिवशी मेस्त्रीनं ती पट्टी फाटकावरनं आणवली आणि माझ्या हातात हातोडी दिली. मी ठोकली. चांगली बसली. त्यानं परवाइल्लै म्हटलं. तेव्हापास्नं कारखान्यात मला सगळे कॉटर म्हणूनच हाक मारायचे, त्यामुळं शब्दाला आणखी एक अर्थ झाला. कुणी लांबनं "कॉटर" म्हणून ओरडलं की मी उठून उभा राहायचो, आणि बऱ्याच वेळा त्यांना पट्टीच हवी असायची.

दर रविवारी मी मांबलमला जायचो. बायको ओसरीवर यायची, पाणी द्यायची, आणि शेजारी रायरांची आई बसायची. बायको विचारायची, "कॉटरचं काय झालं?" मी म्हणायचो, "विचारलं." "काय म्हणले?" "पाक्कलाम." पहिले तीन रविवार तिनं मान हलवली. चौथ्या रविवारी म्हणाली, "म्हंजे बगतो म्हणले. बगतो म्हणाया सरकारी मानसाचं काय जातंय? कागुद दिला का?" मी म्हटलं, रायर भरून देणार आहेत. "रायर भरत्यात. पर देनार कोन? तुमी? कंच्या खिडकीत?"

 खिडकीबद्दल मला खरंच खात्री नव्हती.

म्हणून एका बुधवारी ती आली. रायरांच्या आईला बरोबर घेऊन, गाडी बदलून, फाटकापर्यंत. वॉचमनला तिनं तमिळमधनं काय सांगितलं मला माहीत नाही, महिनाभरात तिला माझ्या दोन वर्षांपेक्षा जास्त तमिळ यायला लागलं होतं. त्यानं सोडलं. टाइम ऑफिसच्या खिडकीशी ती सरळ उभी राहिली. मी मागं, पिशवी धरून. बाबूनं मान वर केली. दोन वर्षांत मी त्याचं तोंड पहिल्यांदा बघितलं, मिशी होती त्याला. तिनं अर्ज पुढं केला. त्यानं वाचला, सही कुठाय म्हणून विचारलं. तिनं कागदावर जिथं बोट ठेवलं तिथं मी सही केली.

बाबू म्हणाला, "एत्तनै पेर?" राहणारी माणसं किती?

मी चटकन दोन बोटं वर केली. तिनं माझा हात खाली केला आणि म्हणाली, "मूणु." तीन.

बाबूनं तीन लिहिलं आणि शिक्का मारला. मी तिच्याकडं बघायला लागलो. डोक्यात भलभलते विचार यायला लागले, आनंदाचे पण आणि हिशोब न जुळणारे पण, कारण आमची गाठ रविवारी ओसरीवर, मधी रायरांची आई. फाटकाबाहेर आल्यावर धीर करून विचारलं, "तिसरं कोण?"

"आण्णा," ती म्हणाली. "गिरणीतनं कायमचे सुटले की येत्यात म्हणले. नुसतं तुमच्या भरवशावर ऱ्हाऊ देत्यात व्हय मला?"